कै. गोविंदराव टेंबे यांचें बोलपटांतील कर्तृत्व

कै. गोविंद सदाशिव टेंबे यांच्यावर आजवर जें लिहिलें गेलें आहे, त्यांतील बहुतेक लेखांची मांडणी एकाच वळणाची असते. पेटीवादनास चार पानें, ‘मानापमाना’च्या चालींस सहा, गंधर्व नाटक मंडळीच्या स्थापनेस दोन, आणि अखेरीस पुढें कांहीं बोलपटांतही त्यांनीं कामें केलीं व संगीत दिलें अशा अर्थाचें एखादें वाक्य. हें वाक्य खोटें नाहीं. परंतु ज्या जागीं तें येतें ती जागा चुकीची आहे, असें आमचें मत आहे. चालकार आणि नट ह्या गोविंदरावांच्या दोन शक्ति रंगभूमीवर बहुधा शेजारी-शेजारी नांदल्या. त्या एकाच क्षणीं, एकाच कंठांतून प्रकट झाल्या आणि तशाच टिकून राहिल्या त्या बोलपटांत. तेव्हां त्यांच्या चरित्रांतील हें प्रकरण पुरवणीचें नसून, साधनांच्या दृष्टीनें पाहतां, सर्वांत भक्कम पुराव्याचें आहे. हा पुरावा काय सांगतो व काय सांगत नाहीं, हें तपासण्याचा येथें उद्देश आहे.

ह्या पृष्ठांच्या वाचकांस बोलपटाचा विषय परका वाटेल, हें आम्ही जाणून आहों. बखरी, महजर, निवाडपत्रें व पोथ्या यांत रमणाऱ्या मंडळींस पडद्यावरील चित्रांशीं काय कर्तव्य, असा प्रश्न आमच्या एका स्नेह्यांनीं आम्हांस तोंडावर विचारला. त्यांस आमचें उत्तर असें कीं, साधन जुनें आहे कीं नवें याला महत्त्व नाहीं. तें नाशवंत किती आणि त्याची राखण कोण करतो, याला आहे. तीनशें वर्षांपूर्वींचा जुन्नरी कागद आजही बोटांखालीं खणखणतो. उलट ज्या नायट्रेट फितीवर १९३२ सालचे बोलपट उतरले, ती फीत आपोआप विरते, चिकट होते, आणि एकदां पेटली कीं पाण्यानेंही विझत नाहीं. हिंदुस्थानचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईस लागला. त्याची एकही प्रत आज कोठें उपलब्ध नाहीं. जानेवारी २००३ मध्यें पुण्यास, जेथें पूर्वीं प्रभात कंपनीचा कारखाना होता त्याच आवारांत, नायट्रेट फितींच्या कोठाराला आग लागली व शेंकडों चित्रपटांच्या मूळ फिती भस्मसात् झाल्या. एखाद्या सरदार घराण्याचें दप्तर वाळवीनें खाल्लें तर आपण हळहळतों. येथें अख्खें दप्तरखानेंच एका दिवसांत गेलें.

गोविंदरावांचा पूर्ववृत्तांत बहुतेकांस ठाऊक आहे, म्हणून तो थोडक्यांत सांगतों. जन्म ५ जून १८८१, कोल्हापुराजवळील सांगवडें येथें. पेटीवर त्यांनीं प्रभुत्व मिळविलें तें बहुतांशीं स्वतःच्या मेहनतीनें. कोल्हापूरच्या देवल क्लबांत त्यांचा कान तयार झाला, भास्करबुवा बखले यांच्या सहवासांत त्याला दृष्टि आली, आणि अल्लादियाखाँसाहेबांच्या गायकीनें त्यांना जन्मभर वेड लावलें. १९११ सालीं किर्लोस्कर नाटक मंडळीनें खाडिलकरांचें ‘मानापमान’ रंगभूमीवर आणलें, त्याच्या चाली त्यांच्या. १९१३ सालीं बालगंधर्व व गणपतराव बोडस यांच्यासह ते गंधर्व नाटक मंडळीचे एक मालक झाले. कांहीं वर्षांनीं ती मंडळी सोडून त्यांनीं शिवराज मंडळी काढली, नाटकें लिहिलीं, नायकाच्या भूमिका केल्या. ९ ऑक्टोबर १९५५ रोजीं ते वारले.

‘मानापमाना’संबंधीं येथें एकच गोष्ट नोंदवावयाची आहे, कारण पुढील विवेचनास तिचा आधार लागेल. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या काळापासून नाटकांतील पदें साकी, दिंडी, अंजनीगीत, लावणी व कर्नाटकी चाली यांच्या साच्यांतून येत. गोविंदरावांनीं तो साचा सोडून उत्तर हिंदुस्थानांतील ठुमरी-दादऱ्यांचें लाघव मराठी पदांत आणलें. पांच वर्षांनीं ‘स्वयंवरा’स भास्करबुवांनीं चाली दिल्या त्या ख्यालाच्या बंदिशींवरून. दोहोंतला फरक कोणत्याही रसिकास एका ओळींत कळतो: भास्करबुवांची चाल रागाचा विस्तार मागते, गोविंदरावांची चाल शब्दाचा अभिनय मागते. शब्दाचा अभिनय मागणारा हा चालकार स्वतः नट असावा, यांत आश्चर्य कांहींच नाहीं.

आतां ‘मानापमाना’च्या ह्या चाली आज आपल्यापर्यंत कशा आल्या आहेत? गोविंदरावांच्या गळ्यांतून नव्हे. बालगंधर्वांनीं त्या गायिल्या, त्यांच्या ध्वनिमुद्रिका झाल्या. नंतरच्या तीन-चार पिढ्यांतील नटांनीं त्या आपापल्या परीनें फिरविल्या. रंगभूमीवरील पदाला ‘वन्समोअर’ मिळत असे, आणि प्रत्येक वन्समोअरबरोबर नवी जागा, नवी तान, कधीं नवा लयबंधही येत असे. ह्या व्यवहाराला पोथीशास्त्राच्या भाषेंत म्हणावयाचें तर मूळ प्रत नष्ट झालेली, शाखा अनेक, आणि प्रत्येक लेखनिकानें पदरचें कांहीं घातलेलें. बालगंधर्वांसारखा लेखनिक मिळाला हें भाग्यच. परंतु मूळ ग्रंथकारानें काय लिहिलें होतें, हा प्रश्न त्या भाग्यानें सुटत नाहीं, उलट अधिक बिकट होतो. अमुक एक हरकत चालकाराची कीं गायकाची, याचा निवाडा देण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं.

ह्या पार्श्वभूमीवर ‘अयोध्येचा राजा’ हातीं घ्यावा.

कोल्हापुरांत १ जून १९२९ रोजीं स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीचा हा पहिला बोलपट. दिग्दर्शन शांतारामबापूंचें, कलायोजना फत्तेलाल यांची, ध्वनिलेखनाची बाजू विष्णुपंत दामले यांजकडे. मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहांत तो ६ फेब्रुवारी १९३२ रोजीं लागला. राजा हरिश्चंद्र गोविंदराव, तारामती दुर्गाबाई खोटे, नारद मास्टर विनायक, गंगानाथ बाबूराव पेंढारकर. आणि संगीत गोविंदरावांचेंच. फाळक्यांनीं १९१३ सालीं ज्या कथेनें मूकपटाचा आरंभ केला, त्याच कथेनें मराठी बोलपटाचाही आरंभ व्हावा, हा योगायोग खराच. पण त्यावर अनेकांनीं पुष्कळ लिहिलें असल्यानें आम्ही पुढें जातों.

ध्यानांत घेण्याची मुख्य बाब ही कीं, त्या वेळीं पार्श्वगायन नव्हतें. एकानें गावें व दुसऱ्यानें ओठ हलवावे ही युक्ति आपल्याकडे रूढ झाली ती कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सच्या १९३५ सालच्या ‘धूपछाँव’पासून. १९३२ सालीं नट कॅमेऱ्यापुढें उभा राहून गात असे. साथीदार चित्राच्या चौकटीबाहेर, कोठें पडद्याआड, कोठें झाडामागें बसत. आणि मायक्रोफोन नटाचा आवाज व साथ हीं एकदमच टिपी. चूक झाली तर सगळेंच पुन्हां. त्यांतून ‘अयोध्येचा राजा’ मराठी व हिंदी अशा दोन भाषांत, त्याच नटसंचानिशीं, चित्रित झाला. म्हणजे प्रत्येक प्रसंग दोनदां. अशा व्यवस्थेंत गाणारा नट पाहिजे एवढें म्हणून भागत नाहीं; चालीचा हिशेब ज्याच्या डोक्यांत पक्का आहे असा नट लाभला तर अर्धें काम झालें. गोविंदरावांची निवड पन्नाशी उलटल्यावर नायकाच्या भूमिकेसाठीं व्हावी, याचें कारण आमच्या मतें येथें शोधावें. त्यांच्या नांवाचा दबदबा हें कारण असेलच, तथापि तें दुय्यम.

ह्यावरून निष्पन्न होतें तें असें: ‘अयोध्येच्या राजा’तील हरिश्चंद्राचीं पदें हीं गोविंदराव टेंबे ह्या चालकाराची स्वहस्ताक्षरांतील प्रत आहे. चाल ज्याची, कंठ त्याचा, मुद्रा त्याची, आणि तिन्ही एका वेळीं नोंदलेलीं. वन्समोअर नाहीं, पाठभेद नाहीं. फितीची लांबी मोजलेली, प्रसंगाची लांबी ठरलेली. तेवढ्यांत जें सांगावयाचें तें सांगून थांबावयाचें. रंगभूमीवरची चाल ही कीर्तनकाराच्या आख्यानासारखी, रोज निराळी. ही चाल शिलालेखासारखी: एकदां कोरली ती कोरली. मराठी नाट्यसंगीताच्या पहिल्या फळीतील किती चालकारांची अशी प्रत आज आपणांपाशीं आहे? भास्करबुवा १९२२ सालींच निवर्तले. त्यांच्या ‘स्वयंवरा’च्या चाली परक्याच कंठांतून ऐकाव्या लागतात. गोविंदरावांच्या बाबतींत मात्र दैवानें एवढी कृपा केली.

हिंदी पाठाचा प्रश्न येथेंच घेतों, कारण पाठचिकित्सेची संवय असलेल्या वाचकांच्या मनांत तो आलाच असेल. दोन भाषांतील दोन चित्रपट हीं मूळ व भाषांतर असें समजण्याचा प्रघात आहे. तो आम्हांस मान्य नाहीं. एकाच ग्रंथकारानें एकाच विषयावर पाठोपाठ लिहिलेल्या त्या दोन स्वतंत्र प्रती होत. शब्द बदलले कीं मात्रा बदलतात, मात्रा बदलल्या कीं चालीला मुरड घालावी लागते. ती मुरड गोविंदराव कशी घालीत हें कळण्यास दोन्ही पाठ समोरासमोर मांडण्यासारखा दुसरा उपाय नाहीं. ज्यानें ठुमरीच्या हिंदी बोलांवरून ‘मानापमाना’चीं मराठी पदें सजविलीं, त्यालाच बोलपटांत मराठींतून हिंदींत उलट प्रवास करावा लागला. अशी तुलना कोणी सविस्तर केल्याचें आमच्या पाहण्यांत नाहीं. व्हावयास पाहिजे.

आतां गुणदोष.

नट म्हणून गोविंदरावांचा हरिश्चंद्र भारदस्त आहे, परंतु जड आहे. उभें राहण्याची ढब, हात उचलण्याची रीति, वाक्याचा शेवटचा शब्द ओढून टाकण्याची लकब, ही सारी तिसऱ्या वर्गाच्या शेवटच्या बांकापर्यंत आवाज पोंचविणाऱ्या नटाची आहे. कॅमेरा हातभर अंतरावर आला तरी ती संवय सुटत नाहीं. राज्यत्यागाच्या प्रसंगांत हा जडपणा गुणासारखा शोभतो, कारण तेथें राजाला राजासारखेंच दिसावयाचें असतें. पण काशीस आल्यावर, राजाचा डोंबाघरचा चाकर झाल्यावर, अंगांतली राजसभा उतरावयास हवी होती. ती पुरती उतरत नाहीं. शेजारीं दुर्गाबाई असल्यानें हा दोष अधिक डोळ्यांत भरतो. त्या वेळीं त्यांचें वय अवघें सत्तावीस. रंगभूमीचें शिक्षण नाहीं, म्हणून रंगभूमीच्या संवयीही नाहींत. त्यांचें दुःख चेहऱ्यावर असतें, हातांत नसतें. बोलपट कोणत्या दिशेनें जाणार होता याची खूण त्या जोडींत दिसते, आणि ती गोविंदरावांच्या बाजूनें नाहीं, हें मान्य केलें पाहिजे.

परंतु गोविंदराव गाऊं लागले कीं हाच न्याय फिरतो. पद सुरू होतांच हातवारे कमी होतात. शरीर स्थिर होतें आणि सारा अभिनय उच्चारांत एकवटतो. ह्याचें एक कारण अगदीं व्यावहारिक आहे. मायक्रोफोनपुढें हलतां येत नसे. पण दुसरें कारण त्यांच्या घडणींत आहे. पेटीवादकाला देह हलविण्याची सोय नसते. त्याचें सगळें बोलणें बोटांत. ज्यानें आयुष्याची उमेद पेटीपुढें बसून घालविली, त्यास गातांना निश्चल राहून शब्द बोलका करणें हें शिकावें लागलें नाहीं. (पेटीला मींड नाहीं म्हणून तिला हिणविण्याची चाल पुढें इतकी वाढली कीं, १९४० सालीं ऑल इंडिया रेडिओनें ती आपल्या कार्यक्रमांतून हद्दपार केली, आणि ती बंदी पुढें कित्येक वर्षें टिकली. त्या वादाच्या दोन्ही बाजूंस गोविंदरावांचें वादन हा सर्वांत अडचणीचा साक्षीदार होता.)

संगीतरचनेंत त्यांचें यश आणि त्यांची मर्यादा एकाच मुळांतून निघतात. त्यांस पद म्हणजे काय हें पूर्ण ठाऊक होतें. चित्रपटाचें संगीत म्हणजे पदांहून आणखी कांहीं असूं शकतें, ही जाणीव त्यांच्या कामांत क्वचितच दिसते. पदें आलीं कीं चित्र थांबतें, पदें संपलीं कीं संगीत थांबतें. हा एकट्याचा दोष नव्हे. त्याच वर्षीं कलकत्त्याच्या मादन कंपनीचा ‘इंद्रसभा’ निघाला, त्यांत गाण्यांची संख्या सत्तरीच्या घरांत होती. तो मासला पाहिल्यावर ‘अयोध्येचा राजा’ संयमाचा नमुना वाटतो. तरीही १९३४ च्या ‘अमृतमंथना’पासून केशवराव भोळ्यांनीं प्रभातमध्यें जें केलें, त्याच्याशीं तुलना टाळतां येत नाहीं. भोळे स्वतः मार्मिक संगीतटीकाकार. ‘एकलव्य’ ह्या टोपणनांवानें त्यांनीं गवयांची परीक्षा केली होती. प्रसंगाखालून वाहणारें संगीत, पात्राच्या स्वभावास धरून चाल, आणि जेथें संगीत नको तेथें तें नसणें, हा विचार त्यांनीं रुजविला. ‘कुंकू’ (१९३७) मध्यें तर पार्श्वसंगीत वर्ज्य करून नित्याच्या आवाजांवर काम भागविण्यापर्यंत ते गेले. ह्या मापानें गोविंदराव जुने ठरतात.

पण हेंच माप एकमेव मानून त्यांस निकालांत काढणें हा अन्याय होईल, आणि तसा तो पुष्कळदां झाला आहे. भोळ्यांना पुसून टाकण्यासारखें कांहीं तरी समोर होतें; गोविंदरावांपुढें कोरी पाटी होती. नाटकांतील पदाचें अर्धा तास चालणारें गायन चार मिनिटांत कसें बसवावें, गाण्यांत अभिजात न सांडतां अशिक्षित कंठाला झेपेल अशी चाल कशी बांधावी, हे प्रश्न प्रथम त्यांनाच सोडवावे लागले. दुर्गाबाईंच्या पदांकडे ह्या दृष्टीनें पाहावें. जन्मभर त्यांनीं नायिकेसाठीं चाली बांधल्या त्या बालगंधर्वांच्या दैवी गळ्यासाठीं. आतां तारामतीचीं पदें गाणार होती ती गायिका नव्हे, तर नटी. त्या पदांत चालकारानें आपली सगळी दौलत पेटींत ठेवून कुलूप लावलें आहे: सुरांची उडी लहान, तान नाहीं, श्वासाला जागा भरपूर. हरिश्चंद्राचीं पदें त्यांनीं स्वतःसाठीं बांधलीं, तारामतीचीं दुसऱ्याच्या मर्यादेसाठीं. कारागिराची परीक्षा दुसऱ्या प्रकारांतच होते, आणि तींत ते उतरले आहेत.

रंगभूमीवरील मोठीं नांवें चित्रपटांत आल्यावर काय झालें, हेंही येथें आठवावें. खुद्द बालगंधर्व १९३५ सालीं प्रभातच्या ‘धर्मात्मा’त एकनाथ झाले. संगीत मास्टर कृष्णरावांचें, विषय तोलामोलाचा, गायक अद्वितीय. तरी त्या चित्रांत बालगंधर्व पाहुण्यासारखे वावरतात. ज्या स्त्रीभूमिकांनीं त्यांना बालगंधर्व केलें, त्या कॅमेऱ्यानें त्यांच्याकडून काढून घेतल्या होत्या. गोविंदराव त्या मानानें पडद्यावर घरच्यासारखे नसले तरी परकेही नाहींत.

‘माया मच्छिंद्र’ (१९३२) ह्यांत त्यांनीं मच्छिंद्रनाथ केला. दुर्गाबाई स्त्रीराज्याची राणी, विनायक गोरखनाथ. संगीत येथेंही गोविंदरावांचेंच. शिष्याच्या परीक्षेसाठीं गुरूनें मायेचा पसारा मांडावा, ही कथा त्यांच्या प्रौढ वयास हरिश्चंद्रापेक्षां अधिक मानवते. भोगी दिसणारा पण आंतून अलिप्त अशा पुरुषाचें सोंग वठविण्यास त्यांचा थोडासा दूरस्थ अभिनय उपयोगीच पडतो. राणीच्या पायांशीं बसलेला चित्ता मात्र सर्वांवर मात करतो, हें खरें. त्याच वर्षींच्या ‘अग्निकंकण’चें संगीत व १९३३ च्या ‘सैरंध्री’चें संगीत त्यांचेंच. ‘सैरंध्री’ रंगीत करण्यासाठीं फीत जर्मनींत नेली गेली व तो प्रयत्न फसला, एवढीच तिची ख्याति उरली आहे. संगीताचा कोणी उल्लेखही करीत नाहीं. प्रभात कंपनी १९३३ सालीं पुण्यास गेली. पुढें कोल्हापुरांत बाबूराव पेंटरांच्या ‘प्रतिभा’ (१९३७) ह्या चित्रपटास गोविंदरावांनीं संगीत दिलें. त्याची तपासणी स्वतंत्रपणें व्हावी.

गोविंदरावांनीं आपल्याविषयीं स्वतः लिहून ठेविलें आहे: ‘माझा संगीत व्यासंग’ १९३९ सालचा, ‘माझा जीवनविहार’ १९४८ सालचा. दोन्ही ग्रंथांची भाषा इतकी रसाळ आहे कीं, वाचकाचा चिकित्सक डोळा मिटतो. आणि नेमकें हेंच भय आहे. घटनेनंतर सात किंवा सोळा वर्षांनीं लिहिलेली आठवण ही समकालीन कागदाच्या तोडीची नव्हे, हा नियम आपण पेशवाईच्या बखरींस लावतों, तो गोविंदरावांसही लावला पाहिजे. त्यांच्या संगीतविषयक मतांसाठीं हे ग्रंथ प्रमाण. तारखा, क्रम व श्रेय यांसाठीं ते केवळ साक्ष. त्यांच्या गोडीवर भाळून संपूर्ण चरित्र त्यांतूनच उतरून काढण्याची जी रीत पडली आहे, तिच्यामुळेंच बोलपटांचें प्रकरण वाक्यापुरतें उरलें असावें, असा आमचा तर्क आहे: ज्याला जें प्रिय त्यावर तो अधिक लिहितो, आणि चरित्रकार तें माप आपलेंच मानतो.

राहिलीं छापील साधनें, आणि येथें संग्राहकांचें साह्य पाहिजे. संगीत नाटकाच्या छापील पुस्तकांत पदाच्या शिरोभागीं चालीचा निर्देश असतो: कोणत्या मूळ चिजेवर तें बेतलें, बहुधा राग कोणता व ताल कोणता. ही एक ओळ इतिहासकाराला सोन्याच्या मोलाची आहे. नाटक बंद पडो, गायक मरो, त्या ओळीवरून चालीचें कूळ शोधतां येतें. चित्रपटाची गीतपुस्तिका, जी चित्रगृहाच्या दारांत अल्प किंमतीस मिळे, तींत ही ओळ सहसा नसते. शब्द असतात, कथासार असतें, नटांचीं नांवें असतात. चालीचें कूळ नाहीं. याचा परिणाम असा कीं, फीत व ध्वनिमुद्रिका नष्ट झाली कीं त्या चालीचा वंशच तुटतो. गोविंदरावांसारखा, दुसऱ्याच्या चिजा ऐकून त्यांतून स्वतःची चाल घडविणारा रचनाकार घेतला तर ही हानि किती मोठी, हें सांगावयास नको. ‘मानापमाना’चीं मुळें आपण बोट ठेवून दाखवूं शकतों, ‘अग्निकंकणा’चीं नाहीं.

कांहीं वर्षांपूर्वीं एका जुन्या वाड्यांतील कागद पाहण्यास आम्ही गेलों होतों. घरच्यांनीं मोडी रुमाल अतिशय आदरानें, हळदकुंकू वाहिलेले, पुढें ठेविले. ते दोन पिढ्यांपूर्वींच छापून झालेले होते. परत निघतांना जिन्याखालीं रद्दीसाठीं बांधलेला एक गठ्ठा दिसला. त्यांत एकोणीसशें तिसाच्या दशकांतील दहा-बारा गीतपुस्तिका होत्या. ‘सिनेमाची पुस्तकें आहेत, तुम्हांला काय त्यांचें?’ असें म्हणून यजमानांनीं संकोचानें तो गठ्ठा पायानें बाजूस सारला. मागून घेतल्यावर दिला, हसत हसत. घरीं येऊन पाहतों तों एका पुस्तिकेवर पूर्वींच्या कोणा मालकानें प्रत्येक गीताच्या डोक्यावर बारीक पेन्सिलीनें रागाचें व ठेक्याचें नांव लिहिलें होतें. दोन ठिकाणीं एक राग खोडून दुसरा लिहिलेला, आणि एका ठिकाणीं एका जुन्या नाट्यपदाचा आंकडा घालून चालींतील साम्य नोंदलेलें. चित्रगृहाच्या अंधारांतून घरीं येऊन, ऐकलेलें विसरण्यापूर्वीं, कोणा जाणकारानें ती कमाई केली होती. छापणाऱ्यानें जी ओळ गाळली, ती ह्या अनामिकानें भरून काढली.

अशा पुस्तिका, विशेषतः १९३२ व १९३३ सालांतील प्रभातच्या चित्रपटांच्या, ज्यांच्या संग्रहीं असतील त्यांनीं त्यांची नोंद करून कळवावी, अशी आमची विनंति आहे. मराठी पाठाची पुस्तिका कीं हिंदी पाठाची, छापखान्याचें नांव काय, एकाच चित्रपटाच्या दोन आवृत्त्यांत गीतांची संख्या वा क्रम बदलतो काय, हें पाहावें. ध्वनिमुद्रिका असल्यास तिच्या लेबलावरील क्रमांक तर घ्यावाच, पण लेबलाच्या भोंवतीं काळ्या भागांत कोरलेला क्रमांकही घ्यावा. कारण लेबल बदलतें, कोरीव आंकडा बदलत नाहीं. आणि पुस्तिकेवर कोणाच्या हातचीं पेन्सिलीचीं अक्षरें असतील, तर ती स्वच्छ करण्याच्या भरांत खोडरबरानें पुसूं नयेत.